ग्रंथकारांची अर्धी चरित्रे

शाळामास्तराच्या अंगी एक खोड असते आणि ती सेवानिवृत्तीबरोबर जात नाही. घरात कोणताही प्रसंग उभा राहिला, की त्याला जुळेल असे एखाद्या थोर पुरुषाचे चरित्र त्यास आठवते आणि ते सांगितल्यावाचून त्याच्याने राहवत नाही. चरित्र ऐकविले म्हणजे ऐकणाऱ्याचे कल्याण झाले, अशी त्याची प्रामाणिक समजूत असते. माझीही होती. या खोडीपायी माझ्या हातून घरात एक मोठी चूक घडली. जवळजवळ चाळीस वर्षे ती कोणी बोलून दाखविली नाही, म्हणून ती चूक आहे हेही मला कळले नाही. आता कळली आहे. आणि ज्या घरांत वडील माणसांचा शब्द अद्याप मानला जातो, अशा घरांतील वाचकांपुढे ती मांडावी, असे मनात आल्यावरून हा लेख लिहीत आहे.

आमचे घर जळगावचे. वडील संस्कृताचे व्यासंगी होते. सकाळसायंकाळची संध्या, मधल्या वेळी पोटापुरते काम आणि उरलेला सारा वेळ ग्रंथ, असा त्यांचा क्रम. मी जुन्या अकरावीची मॅट्रिक झालो व पुढे अध्यापनाची पदविका घेऊन शाळेत लागलो. पण संस्कृत मला शाळेने दिले नाही, ते वडिलांच्या मांडीशी बसून मिळाले. शाळेत मी संस्कृत शिकवीत असे आणि मास्तर कमी पडले, की इंग्रजीचे तासही घेत असे. १९७८ साली वडील वारले, तेव्हा मी बावीस वर्षांचा होतो व धाकटा भाऊ नाना अठरा वर्षांचा. घराचे वडीलपण माझ्याकडे आले. बाविसाव्या वर्षी आलेले वडीलपण अंगाला सैल झालेल्या कोटासारखे असते; सैल आहे हे कोणाच्या नजरेस येऊ नये म्हणून मनुष्य जरा अधिकच ताठ चालतो.

इंग्रजीच्या तासाला धड्यापेक्षा धडा लिहिणाराचे चरित्र सांगण्याची मला हौस फार. डॉ. जॉन्सनची गोष्ट तर दरवर्षी ठरलेली. १७५९ च्या जानेवारीत त्याची आई वारली. तिच्या उत्तरकार्याचा खर्च व तिची किरकोळ देणी भागविण्यासाठी त्याने एका आठवड्याच्या संध्याकाळी बसून ‘रासेलस’ ही कथा लिहून काढली. हीच कथा कृष्णशास्त्री चिपळूणकरांनी मराठीत आणावयास घेतली व त्यांचे चिरंजीव विष्णुशास्त्री यांनी ती पुरी केली, हे सांगितले म्हणजे मुलांना जॉन्सन एकदम आपल्या ओळखीचा वाटू लागे. मग गोल्डस्मिथ. भाडे थकल्यामुळे घरमालकिणीने त्याला अडकवून ठेविले, जॉन्सनने त्याच्या मेजावरचे हस्तलिखित उचलून साठ पौंडांस विकले आणि त्याची सुटका केली. ते हस्तलिखित म्हणजे पुढे १७६६ साली निघालेली ‘व्हिकार ऑफ वेकफील्ड’ ही कादंबरी. मग डिकन्स. १८२४ साली त्याचा बाप कर्जापायी तुरुंगात पडला आणि बारा वर्षांचे हे पोर बुटांच्या काळ्या रोगणाच्या बाटल्यांवर चिठ्ठ्या चिकटविण्याचे काम करू लागले. मुले डोळे विस्फारून ऐकत. मलाही भरून येई.

नाना १९८० साली पोस्टात कारकून म्हणून लागला व त्याची नेमणूक धुळ्यास झाली. तेथे एक खोली घेऊन तो राही. दिवसा कचेरी, संध्याकाळी गरुड वाचनालय, रात्री हौशी नाटक मंडळींची तालीम, असा त्याचा दिवस जाई. महिन्याच्या पहिल्या रविवारी तो बसने जळगावास येई व पगारातील ठरलेली रक्कम देवापुढे ठेवी. नाटकांविषयी तो घरात फारसे बोलत नसे. १९८३ च्या दिवाळीत मात्र तो येताना एक वह्यांचे पुडके घेऊन आला. भाऊबीजेची जेवणे झाली, पानसुपारी झाली, आणि सगळे उठून गेल्यावर तो माझ्याजवळ येऊन बसला.

“दादा, तीन अंकी नाटक लिहितोय. दोन अंक झालेत. तू एकदा वाचून बघ. आणि दोन वर्षं पुण्याला जावं म्हणतो. मंडळी आहेत, काम देतो म्हणतात.”

“आणि नोकरी?”

“ती सोडावी लागेल.”

वह्या माझ्यासमोर सतरंजीवर होत्या. मी त्यांना हात लावला नाही. मी चरित्रे सांगण्यास प्रारंभ केला. ख्रिस्तोफर मार्लो, शेक्सपियरच्या बरोबरीचा नाटककार, १५९३ च्या मे महिन्यात डेटफर्ड येथे खाण्यापिण्याच्या हिशेबावरून झालेल्या भांडणात सुरीचा वार लागून मेला. वय वर्षे एकोणतीस. रॉबर्ट ग्रीन त्याच्या आदल्या वर्षी दारिद्र्यात गेला. गोल्डस्मिथचे ‘शी स्टूप्स टू काँकर’ हे नाटक १७७३ साली लंडनने डोक्यावर घेतले, आणि पुढच्याच वर्षी तो डोंगराएवढे कर्ज मागे ठेवून वारला. विद्वत्ता यांच्यापाशी कमी नव्हती. स्थैर्य नव्हते. असे मी पाऊण तास बोललो. त्यातले एकही अक्षर खोटे नव्हते, हे आज अधिक बोचते.

नानाने सारे ऐकून घेतले. मग एवढेच विचारले, “म्हणजे दादा, दोन्ही होतच नाही?”

मी म्हणालो, “एका म्यानात दोन तलवारी राहत नाहीत. नाटक की नोकरी, ते ठरव. घरात आई आहे, हे ध्यानात ठेवून ठरव.”

दुसऱ्या दिवशी सकाळच्या गाडीने तो धुळ्यास गेला. पुण्याचा विषय त्याने पुन्हा कधी काढला नाही. मला वाटले, मुलगा समंजस आहे. चरित्रांचा उपयोग झाला.

पुढे त्याचा संसार झाला, एक मुलगी झाली. धुळे, पारोळा, मग जळगाव, अशी त्याची नोकरी पार पडली. कामात तो चोख होता; टपाल उशिरा पोहोचलेले त्याला खपत नसे. गावात नाटक आले, की तो तिकीट काढून जाई, शेवटच्या रांगेत बसे आणि घरी आल्यावर कसे झाले म्हणून विचारले, तर ‘बरं होतं’ यापलीकडे बोलत नसे. निवृत्तीनंतर फार दिवस त्याला लाभले नाहीत. दोन वर्षांपूर्वी अल्पशा आजाराने तो गेला.

वर्षश्राद्ध झाल्यावर त्याची ट्रंक उघडली. माझी पुतणी बँकेत आहे व आमच्याबरोबर याच घरात राहते. तिच्या हाती ते वह्यांचे पुडके लागले. दोन अंक सुवाच्य अक्षरात लिहून काढलेले होते. तिसऱ्या वहीच्या पुठ्ठ्यावर निळ्या शाईत एक ओळ होती: ‘तिसरा अंक दादाचे मत पाहून लिहिणे.’ आतली पाने कोरी.

ती वही घेऊन पुतणी माझ्यापुढे उभी राहिली. “मोठेकाका, बाबांनी तुमचं मत विचारलं होतं?”

“विचारलं होतं.”

“मग तुम्ही काय सांगितलंत?”

मार्लोला डेटफर्ड येथे सुरी लागली असे सांगितले, हे उत्तर माझ्या तोंडातून निघेना.

त्या रात्री मी नानाचे नाटक वाचले. चाळीस वर्षांनी वाचले. ते थोर होते असे मी म्हणणार नाही. पहिला अंक कच्चा आहे, पात्रे लांबलचक बोलतात. परंतु दुसऱ्या अंकात एक प्रवेश आहे. पोस्टमन एका म्हातारीकडे मुलाची मनीऑर्डर घेऊन येतो. फॉर्मच्या कुपनावर दोन ओळी लिहिण्याइतकी जागा असते, तेवढीच मुलाने लिहिलेली. म्हातारी पैसे मोजीत नाही. ती पोस्टमनला त्याच दोन ओळी पुन्हा पुन्हा वाचावयास लावते, कारण एखादा शब्द त्याच्या वाचण्यातून सुटला असेल, अशी तिला आशा आहे. हे पोस्टात काम करणाऱ्या माणसालाच सुचावे. नोकरीने त्याला लिहावयास विषय दिला होता, आणि मी त्याला सांगितले होते, की नोकरी व लेखन एका म्यानात राहत नाहीत.

यानंतर काही दिवसांनी वाचनालयात जुन्या इंग्रजी पुस्तकांच्या कपाटात मला अँथनी ट्रॉलप याचे आत्मचरित्र सापडले. या कादंबरीकाराचे नाव मी ऐकून होतो. चरित्र ठाऊक नव्हते. उभ्याउभ्याच दहा पाने वाचली आणि मग मला खाली बसावे लागले. हा मनुष्य पोस्टात होता.

१८३४ साली, वयाच्या एकोणिसाव्या वर्षी, तो लंडनच्या मुख्य पोस्ट कचेरीत वर्षाला नव्वद पौंडांवर कारकून म्हणून लागला. पहिली सात वर्षे त्याची वाईट गेली. कामावर उशिरा जाई, कर्ज करी, वरिष्ठांच्या मर्जीतून उतरे. १८४१ साली त्याला आयर्लंडात धाडले आणि तेथे तो माणसात आला. खेडोपाडी घोड्यावरून हिंडून टपालाची व्यवस्था लावावयाची, हे त्याचे काम होते. पत्रे टाकण्यासाठी रस्त्यात खांबासारखी पेटी उभी करावी, ही फ्रान्सातली रीत इंग्रजी टपालात आणण्याची शिफारस त्यानेच केली. १८५२ साली अशा पहिल्या पेट्या जर्सी बेटावर उभ्या राहिल्या. पोस्टाची नोकरी त्याने १८६७ पर्यंत, म्हणजे तेहेतीस वर्षे केली. आणि आयुष्यात लिहिलेल्या कादंबऱ्या किती? सत्तेचाळीस.

हे त्याला कसे साधले, ते त्याने लपविलेले नाही. पहाटे साडेपाचाला तो मेजापाशी बसे. पुढ्यात घड्याळ ठेवी व दर पाव तासाला अडीचशे शब्द, असा स्वतःशी करार करी. तीन तास असे काम झाले, की कचेरीचा पोशाख करून बाहेर पडे. आगगाडीच्या प्रवासात फुकट जाणारा वेळ त्याला बघवेना, म्हणून मांडीवर पाटी घेऊन शिसपेन्सिलीने तो डब्यातच लिहू लागला. ‘बार्चेस्टर टॉवर्स’ ही त्याची नामांकित कादंबरी बव्हंशी अशी लिहिलेली आहे, आणि ते पेन्सिलीचे लिखाण शाईने उतरून काढण्याचे काम त्याच्या पत्नीने केले. पुस्तकांपासून आपल्याला किती मिळाले याचा हिशेबही त्याने शिलिंग-पेन्सांसह दिला आहे. ती रक्कम सत्तर हजार पौंडांच्या जवळपास जाते. १८८२ साली तो वारला व पुढच्या वर्षी हे आत्मचरित्र निघाले, तेव्हा पुष्कळांनी नाके मुरडली. घड्याळ लावून का कोठे वाङ्मय निर्माण होते, असे त्यांना वाटले. ज्यांनी मम्मट वाचला आहे, त्यांना नाक मुरडण्याचे कारण नाही. काव्याची प्रयोजने सांगताना त्याने यशाच्या पाठोपाठ अर्थप्राप्तीच सांगितली आहे.

एकदा डोळे उघडल्यावर मग जिकडेतिकडे तेच दिसू लागले. सर वॉल्टर स्कॉट एडिंबरोच्या वरिष्ठ न्यायालयात कारकुनाच्या जागी होता व न्यायालय भरण्यापूर्वी सकाळीच आपले लिहून घेई. १८२६ साली छापखान्याच्या व्यवहारात बुडून एक लाख वीस हजार पौंडांच्या आसपास कर्ज अंगावर आले, तेव्हा त्याने दिवाळे न काढता लेखणीने ते फेडण्यास घेतले. खुद्द शेक्सपियर १५९४ पासून नाटक मंडळीतला भागीदार होता, आणि त्याच भागीदारीच्या जोरावर १५९७ साली त्याने आपल्या गावी मोठे घर विकत घेतले. मार्लोचे चरित्र मला तोंडपाठ होते. शेक्सपियरच्या घराचे खरेदीखत मात्र नानाला सांगावयाचे मला सुचले नव्हते. आपल्या मुलखाशी संबंध आलेला एक इंग्रज कादंबरीकार घ्या. फिलिप मेडोज टेलर हा पोरवयात मुंबईस उतरला, निजामाच्या नोकरीत शिरला व १८५३ पासून काही वर्षे नळदुर्गाकडचा कारभार पाहत होता. ठगाच्या तोंडून सांगितलेली त्याची कादंबरी १८३९ साली निघाली. आणि १८६३ च्या ‘तारा’ या कादंबरीतली नायिका तुळजापूरची आहे.

हे झाले परक्यांचे. आपल्याकडे काय होते? अण्णासाहेब किर्लोस्कर रेव्हिन्यू कमिशनरच्या कचेरीत नोकरीस होते, आणि १८८० च्या ३१ ऑक्टोबरला पुण्यास ‘शाकुंतल’ रंगभूमीवर आले. देवल काही काळ आमच्याच धंद्यात, म्हणजे शाळामास्तर होते. साने गुरुजी अमळनेरच्या शाळेत शिक्षक होते हे खानदेशात कोणास सांगावयास नको. ‘श्यामची आई’ त्यांनी १९३३ च्या फेब्रुवारीत नाशिकच्या तुरुंगात अवघ्या पाच दिवसांत लिहिली, तीही दिवसाचे काम उरकून रात्री व पहाटे.

पण ज्या एका नावाने मला अगदी खाली मान घालावयास लाविली, ते आमच्या वडिलांच्या कपाटातच होते. आनंदाश्रमाच्या संस्कृत ग्रंथमालेचे पुष्कळ ग्रंथ आमच्याकडे आहेत. त्यांच्या मुखपृष्ठांवर, अमुक ग्रंथ ‘हरि नारायण आपटे इत्यनेन’ मुद्रून प्रसिद्ध केला, असे असते. लहानपणापासून मी ते वाचीत आलो. आणि कादंबरीकार हरिभाऊ आपटे यांचे नावही मी वर्षानुवर्षे वर्गात सांगत आलो. परंतु ही दोन्ही नावे एकाच माणसाची, हे माझ्या मनात कधी जुळले नाही. हरिभाऊंचे काका महादेव चिमणाजी आपटे मुंबईच्या हायकोर्टात वकील होते. जुन्या संस्कृत पोथ्यांचे रक्षण व मुद्रण व्हावे म्हणून त्यांनी १८८८ साली पुण्यास आनंदाश्रम काढला आणि त्याची व्यवस्था या पुतण्याच्या हाती दिली. पुतण्याची कथा काय, तर कॉलेजात गणिताने घात केला व पदवी मिळाली नाही. इंग्रजी कादंबऱ्यांचे वेड. आणि विद्यार्थिदशेतच आपल्या गुरूंनी, आगरकरांनी, ‘हॅम्लेट’चे केलेले भाषांतर घेऊन त्यावर लांबलचक टीका लिहिण्याचे धाडस! असा पुतण्या आपल्या घरात असता, तर आपण त्याला कोणती चरित्रे ऐकविली असती, याचा प्रत्येक काकाने विचार करावा. महादेवरावांनी त्याला काम दिले आणि लिहू दिले. दिवसा आनंदाश्रमातले संस्कृत ग्रंथ, आणि १८९० पासून ‘करमणूक’ साप्ताहिकाचा मजकूर! इंग्लंडात डिकन्सने १८३६ साली ‘पिकविक’ महिन्यामहिन्याच्या हप्त्याने लिहिली. हरिभाऊंनी ‘पण लक्षांत कोण घेतो!’ आठवड्याआठवड्याने लिहिली. प्रारंभी त्यांनी रेनॉल्ड्सच्या धर्तीवर ‘मधली स्थिति’ लिहिली, मेडोज टेलरच्या टिपूवरील कादंबरीवरून ‘म्हैसूरचा वाघ’ लिहिला. पण यमूची कहाणी लिहिताना त्यांना कोणाचा हात धरावा लागला नाही. आपल्याच घरांच्या माजघरात काय चालते ते त्यांनी पाहिले होते. १९१९ च्या ३ मार्चला ते वारले, तोपर्यंत आनंदाश्रम व लेखणी ही दोन्ही त्यांच्यापाशी राहिली.

आणि हे हरिभाऊ जन्मले कोठे? पारोळ्यास, १८६४ च्या ८ मार्चला. धुळे-जळगाव रस्त्यावर पारोळा लागते. नानाची व माझी त्या रस्त्याने किती वेळा ये-जा झाली असेल, त्याची गणती नाही. गाडी पारोळ्यास थांबे, आम्ही चहा घेत असू; किल्ल्याकडे बोट दाखवून मी झाशीच्या राणीच्या माहेरचे नाते सांगत असे. हरिभाऊंचे नाव मी त्याच्यापाशी काढले नाही. नाना तर तेथल्या पोस्टात दोन वर्षे कामास होता. त्याला ते ठाऊक होते की काय, हे आता विचारावयास कोणी नाही.

येथपर्यंत आल्यावर माझी जुनी खोड पुन्हा जागी झाली. पुतणीला सांगावेसे वाटले, की पाहा, नोकरी न सोडता लिहिता येते, ट्रॉलपकडे पाहा. पण बोलण्यापूर्वी थांबलो. डिकन्सने वृत्तपत्राची नोकरी सोडली म्हणूनच तो डिकन्स झाला, असेही कोणी म्हणू शकेल. पूर्वी अर्धे चरित्र सांगून चुकलो. आता दुसरे अर्धे सांगून पुन्हा चुकू नये. या सर्व चरित्रांतून धरण्यासारखे काय आहे, तर निराळीच एक गोष्ट. ग्रंथकार एकटा कधीच नसतो. त्याच्या पाठीशी घरातले कोणीतरी असते, आणि त्या माणसाचे नाव पुस्तकावर छापले जात नाही.

जेन ऑस्टेनचे उदाहरण घ्या. १८११ साली तिची पहिली कादंबरी निघाली, ती ‘एका स्त्रीने’ लिहिलेली म्हणून. तिच्या हयातीत पुस्तकावर तिचे नाव आलेच नाही. चॉटन येथे आई, बहीण व एक मैत्रीण अशा चौघीजणी राहत. सकाळची न्याहारी एवढे जेनकडे असे. बाकी घर मुख्यतः थोरली बहीण कॅसान्ड्रा सांभाळी. त्या घराच्या एका दाराची बिजागरी करकरे, ती जेनने दुरुस्त करू दिली नाही, कारण कोणी आले की ती वाजे व तेवढ्यात लिहिलेले कागद झाकता येत. असे तिच्या पुतण्याने लिहून ठेविले आहे. ट्रॉलपच्या आईची हकीकत तर प्रत्येक गृहिणीने ऐकावी. फ्रान्सेस ट्रॉलपचे पहिले पुस्तक १८३२ साली निघाले, तेव्हा तिने पन्नाशी ओलांडली होती. नवरा कर्जबाजारी व आजारी, एक मुलगा क्षयाने अंथरुणास खिळलेला. औषधाच्या बाटल्यांशेजारी शाईची दौत ठेवून रात्री जागत तिने कादंबऱ्या लिहिल्या व घर चालविले. तिची ग्रंथसंपदा शंभर खंडांवर जाते. तिला मात्र पहाटे उठविणारे व चहा आणून देणारे कोणी होते, असे काही माझ्या वाचनात आले नाही.

तिच्या मुलाला होते. आयर्लंडातून आलेला एक म्हातारा मोतद्दार ट्रॉलपच्या पदरी होता. रोज पहाटे मालकाला उठवून कॉफी आणून देणे, या कामासाठी त्याला वर्षाला पाच पौंड अधिक मिळत. म्हाताऱ्याने एक दिवसही उशीर केला नाही, स्वतःला एक दिवसही सूट दिली नाही. ट्रॉलप म्हणतो, की आपल्याला जे यश मिळाले त्याबद्दल आपण दुसऱ्या कोणापेक्षा याचेच अधिक ऋणी असू.

हे वाचले तेव्हा नानाला माझ्याकडून काय हवे होते, ते मला कळले. त्याला पैसे नको होते. कदाचित परवानगीही नको होती. दोन अंक कोणीतरी वाचावेत आणि तिसरा लिहीपर्यंत त्याला घरातून एवढेच म्हणावे, की बस, लिही, एवढे हवे होते. ते माझ्या हातात होते व त्यास एक पैही पडली नसती.

गेल्या पौषात पुतणीला घेऊन मी बसने धुळ्यास गेलो. वाटेत पारोळ्यास उतरलो. बाजारातून, किल्ल्यापासून, पोस्टावरून फिरलो. नानाला मी काय सांगितले होते, ते सारे तिला तेथे सांगितले. मार्लो, ग्रीन, म्यान, तलवारी, काही वगळले नाही. ती रागावेल अशी माझी तयारी होती. ती बराच वेळ गप्प होती. मग म्हणाली, “बाबा मला एकदा म्हणाले होते, दादानं माझ्यासाठी स्वतःचं शिक्षण थांबवलं. त्यामुळे त्यांना तुमच्याशी वाद घालवेना.” मॅट्रिकनंतर मी कॉलेजात का गेलो नाही, हे नानाला ठाऊक आहे, याची मला कल्पना नव्हती.

थोड्या वेळाने मी विचारले, “तिसरा अंक तू लिहिणार का?”

“नाही. तो बाबांचा आहे. तसाच राहू दे. पण मी माझं काहीतरी लिहितेय, वर्ष झालं. रात्री बँकेतून आल्यावर डोळे मिटतात. पहाटे जमेल, पण जाग येत नाही.” मग जरा थांबून, “मोठेकाका, मला सल्ला नको. उठवाल का?”

वाचकहो, प्रत्येक लिहिणारा मुलगा हरिभाऊ नसतो व प्रत्येक लिहिणारी मुलगी जेन ऑस्टेन नसते, हे मला मान्य आहे. कोणी नोकरी सोडावी की धरावी, याचाही निर्णय मी देत नाही. तो देण्याचा माझा अधिकार मी एकदा गमावला आहे. एवढेच सांगतो, की घरातले कोणी वही घेऊन समोर बसले, तर थोरामोठ्यांची चरित्रे सांगण्यापूर्वी ती वही उघडून वाचावी. चरित्रे कोठे पळून जात नाहीत.

मला या वयात तशीही झोप थोडी. पाच वाजता उठतो, स्नान उरकतो, आणि साडेपाचाला चहाचा पेला पुतणीच्या मेजावर ठेवतो. दार वाजवितो, ती ‘हो’ म्हणेपर्यंत उभा राहतो व मग आपल्या संध्येला बसतो. चार महिने झाले, अद्याप उशीर झालेला नाही. ती काय लिहिते, ते मी विचारीत नाही. वाचावयास देईल तेव्हा वाचीन.